ओपिट्झबाईंच्या तीन विटा

चोविसाव्या प्रिल्यूडच्या शेवटच्या ओळीतला शेवटचा आकडा खोडून झाला, तशी लोथार क्रेचमारने पानावर हलकी फुंकर मारली, रबराचा भुगा तळहातावर गोळा करून टोपलीत टाकला आणि खुर्चीत मागे रेलून तो पुस्तकाकडे समाधानाने बघत बसला. संगीतशाळेच्या तळघरातल्या ग्रंथालयात समाधानाचे प्रसंग तसे कमीच. नोव्हेंबर लागला की लाइपझिगमध्ये भर दुपारी दिवे लावावे लागतात, कोळशाचा धूर काचांना चिकटून बसतो, आणि तळघराला तर छताला लागून एकच आडवी खिडकी होती. तिच्यातून रस्त्यावरून जाणाऱ्यांचे फक्त बूट दिसायचे.

लोथारचं पेन्सिलीशी वैर होतं. शाळेचं स्वरलिपीचं पुस्तक घरी न्या, वाजवा, हवं तर उशाशी घेऊन झोपा, पण परत आणताना त्यावर पेन्सिलीची खूण असता कामा नये, असा नियम होता. नियम सगळ्यांना ठाऊक होता आणि पाळत एकटा लोथार होता. विद्यार्थी पानं बरबटवून आणायचे आणि हा खोडत बसायचा. जाड कागदाला खोडरबर, नाजूक कागदाला पावाचा मऊ गर. डब्यातल्या पावाचा गर असा पुस्तकांच्या वाट्याला जायचा आणि कडक कवच लोथारच्या. पोरं त्याला पाठीमागे 'खोडरबर' म्हणत. हे त्याला माहीत होतं, आणि खरं सांगायचं तर त्याला ते आवडायचं.

ओपिट्झबाईंच्या पुस्तकाने मात्र त्याचा घाम काढला होता. उन्हाळ्याच्या तोंडावर बाई वारल्या आणि त्यांच्या नवऱ्याने घरातली संगीताची सगळी पुस्तकं खोक्यांत भरून शाळेला दिली. त्यातला हा चोवीस प्रिल्यूडचा संग्रह, म्हणजे पियानोवर वाजवायच्या चोवीस छोट्या रचना, पेन्सिलीचं नुसतं रान होता. प्रत्येक सुराच्या डोक्यावर आकडा. लोथारने जिद्दीने ते रान साफ केलं. कपाटात ठेवताना त्याने पुस्तकाच्या पाठीवर थोपटलंसुद्धा.

दुसऱ्या दिवशी संचालक डोरिंग स्वतः जिना उतरून तळघरात आले. ते खाली येत ते वाईट बातमी असली तरच.

"क्रेचमार, ओपिट्झबाईंचं ते प्रिल्यूडचं पुस्तक कुठाय?"

"कपाटात आहे साहेब. अगदी स्वच्छ."

"जपा हं. जिवापाड जपा. महिनाअखेरीला प्रकाशनसंस्थेच्या संपादिका येतायत. बाईंनी लावलेली बोटं छापायचीयत. अभ्यासाची आवृत्ती! पुढच्या वर्षाच्या सरकारी योजनेत बसलंय."

"लावलेली बोटं," लोथार म्हणाला.

"मग? बाईंचं एक ध्वनिमुद्रण नाही. यंत्र घेऊन आलेल्या माणसाला त्यांनी जिन्यावरून हाकललं होतं. आता बाई उरल्यात त्या फक्त त्या पेन्सिलीत. काय हो, पांढरेफटक का पडलात?"

"तळघरात ऊन येत नाही साहेब."

पियानोवाल्यांच्यात अंगठा म्हणजे एक आणि करंगळी म्हणजे पाच. कुठला सूर कुठल्या बोटाने वाजवायचा, ते सुरावर आकडा टाकून ठेवतात. नामवंत शिक्षिकेचे आकडे म्हणजे तिचा हातच. तो हात लोथारने दोन आठवडे खपून, पावाचा गर लावून पुसून टाकला होता. नक्कलही कुणाकडे नव्हती. शहरात नकला काढायचं यंत्र होतं, पण ते कुलपात होतं आणि किल्लीसाठी इतक्या सह्या लागत की माणूस नक्कल हातानेच करून मोकळा व्हायचा.

घरी त्याने जेवण होईपर्यंत दम धरला आणि मग बायकोला सांगितलं.

इर्मट्राउटने चमचा खाली ठेवला. "सगळं खोडलंस?"

"नियमाप्रमाणे."

"एक पानसुद्धा ठेवलं नाहीस?"

"अर्धवट काम मला जमत नाही, तुला माहितीय."

"माहितीय ना! स्वयंपाकघराच्या दारावर पोरांच्या उंचीच्या रेघा होत्या. पोरं हॅले-मॅग्डेबुर्गला निघून गेली, म्हटलं रेघा तरी आहेत. मी बहिणीकडे दोन दिवस काय गेले, तू चौकट घासून ठेवलीस."

"दाराला रंग द्यायचा होता."

"दिलास?"

लोथार बशा गोळा करायला लागला. रंग गेली सहा वर्षं मिळत नव्हता.

एवढ्यावर भागलं असतं तरी चाललं असतं. पण बुधवारी दुपारी तळघराच्या दारात बाईंचे यजमान उभे राहिले. डॉक्टर एमिल ओपिट्झ, निवृत्त दंतवैद्य. ओव्हरकोट आता त्यांना दोन मापं मोठा होत होता. हातात पश्चिम जर्मनीतल्या कुणा पुतणीने पाठवलेल्या कॉफीची पुडी होती, आणि ती त्यांनी न बोलता लोथारच्या टेबलावर ठेवली.

"मला तिचं ते पुस्तक जरा बघायचंय," ते म्हणाले. "न्यायचं नाही. नुसतं तिचं अक्षर बघायचंय. घरात तिने लिहिलेलं काही म्हणजे काही नाही हो. चिठ्ठ्या लिहायची सवयच नव्हती तिला, ओरडून सांगायची."

"पुस्तक... बांधणीला गेलंय डॉक्टर."

"बांधणी तर मजबूत होती. मीच करून घेतली होती."

"तीच बघायला गेलंय. कशी केलीय ते."

"अस्सं. मग उद्या येतो." दारापर्यंत जाऊन ते परत वळले. "खोक्यात भरून दिली तेव्हा ती पुस्तकं डोळ्यांसमोर नकोशी झाली होती. आता ती नाहीत, तर मोकळं कपाट नकोसं झालंय. काय करावं सांगा."

डॉक्टर गेल्यावर लोथारने कॉफीची पुडी खणात ढकलली. वास येतच राहिला. शेवटी त्याने पुडी दुसऱ्या कपाटात नेऊन ठेवली, तरी यायचा तो येतच होता.

गुरुवारी पुस्तकाला कीड लागली होती.

"कीड?" डॉक्टर म्हणाले. "आमच्या घरात तर नव्हती."

"ही संगीताच्या पुस्तकांनाच लागते. धुरी दिलीय. पुस्तक उघडता येत नाही."

"मग बसतो इथेच," असं म्हणून डॉक्टर खिडकीखालच्या स्टुलावर बसले. त्यानंतर ते रोज दुपारी येऊन बसू लागले आणि वर रस्त्यावरचे बूट बघू लागले. "हे बघा क्रेचमार, याची टाच डावीकडे झिजलीय. अशी माणसं दातसुद्धा एकाच बाजूचे वापरतात. मी ओळखून असतो." लोथार हो हो म्हणायचा, आणि पुस्तक त्याच्या मागच्याच कपाटात, हाताच्या अंतरावर असायचं. इतकं जवळ ठेवून इतकं खोटं बोलायची त्याला सवय नव्हती.

रविवारी इर्मट्राउटनेच वाट काढली. लोथार पुस्तक पिशवीत लपवून घरी घेऊन आला होता. तिने पान टेबलावरच्या दिव्याखाली तिरकं धरलं. "खाचा आहेत रे इथे. बाई पेन्सिल दाबून लिहायच्या."

खरंच होतं. शिसं गेलं होतं, पण कागद विसरला नव्हता. दिवा एका बाजूने पाडला की प्रत्येक सुरावर बारीक खाच दिसत होती. लोथारच्या जिवात जीव आला. अख्खं आयुष्य पेन्सिलीशी भांडण्यात घालवलेल्या माणसाने त्या संध्याकाळी पेन्सिलीला टोक काढलं आणि एकेक आकडा गिरवायला घेतला. ते बघून इर्मट्राउट शेजाऱ्यांना ऐकू जाईल इतकी हसली.

पण खाचा एकावर एक होत्या. एकाच सुरावर दोन होता, तीन होता, त्यांच्या खाली अजून काहीतरी होतं. कुठला खरा धरायचा? बाईंच्या विद्यार्थ्यांना विचारावं, असं लोथारच्या मनात आलं, आणि इथे त्याचं चुकलं. एकेकाला गाठण्याऐवजी त्याने शाळेच्या खाणावळीत कोबीचं सूप पीत बसलेल्या तिघांना एकदमच विचारलं. एक प्राध्यापक फोस, एक झाबीने नावाच्या, चर्चमध्ये ऑर्गन वाजवणाऱ्या आणि एक हॉटेलात वाजवणारे जाडे गृहस्थ.

"सहज विचारतो," लोथार म्हणाला. "दुसऱ्या प्रिल्यूडच्या सुरुवातीला बाई कुठलं बोट लावायला सांगायच्या?"

"तिसरं," प्राध्यापक म्हणाले.

"दुसरं!" झाबीने म्हणाल्या. "माझ्या डोक्यात टपली मारून सांगितलं होतं."

"टपली मलाही मारली होती. तिसरं सांगून."

"तुम्हाला सांगितलं असेल. तुमचं दुसरं बोट म्हणजे शिजलेला नूडल, असं बाईच म्हणायच्या."

"अंगठा," हॉटेलवाले सूप ओढत म्हणाले. "दोघांनाही आठवत नाहीये."

मग प्राध्यापकांनी टेबलाच्या कडेवर वाजवून दाखवलं. झाबीनेंनी त्यांचा हात बाजूला सारून त्याच कडेवर वाजवून दाखवलं. हॉटेलवाल्यांना जागा कमी पडली तेव्हा त्यांनी कोपराने बशा सरकवल्या. तिघंही डोळे मिटून एकाच टेबलावर मुका पियानो बडवत असताना कोबीचं सूप प्राध्यापकांच्या मांडीवर गेलं. "हे बाईंनी बघितलं असतं ना!" प्राध्यापक ओरडले. बाईंनी काय बघितलं असतं, यावरून मग पुन्हा जुंपली.

त्या भांडणातून लोथारच्या हाती एकच गोष्ट लागली. खाणावळीत झालेला बोभाटा संचालकांच्या कानावर गेला आणि ते आनंदाने पुन्हा तळघरात उतरले. "क्रेचमार! तुम्ही बाईंच्या बोटांवर संशोधन करताय म्हणे! मी लगेच प्रकाशकांना फोन केला. संपादिका खूश झाल्या. महिनाअखेर कशाला, येत्या शुक्रवारीच येतायत."

लोथारने विद्यार्थ्यांचा नाद सोडला आणि सगळ्यात वरची, सगळ्यात खोल खाच खरी धरून गिरवायचा सपाटा लावला. सकाळी तळघरात, संध्याकाळी घरी. एक गोष्ट त्याला खटकत होती. उजव्या हातात चौथं बोट कुठेच येत नव्हतं. एक, दोन, तीन, पाच, पुन्हा तीन. अनामिका बाईंना जणू नव्हतीच. लोथारने चष्मा पुसून पाहिला, दिवा हलवून पाहिला. वरच्या खाचांत चार काही सापडेना. शिवाय अकराव्या प्रिल्यूडमध्ये, संथ चाललेल्या चालीच्या अगदी मधोमध, ओळीतल्या एका रेघेला खालून चिकटवून तीन छोट्या काळ्या विटा काढलेल्या होत्या, गिरवून गिरवून भरलेल्या. त्या काय असाव्यात याचा विचार करायला वेळ नव्हता. त्याने त्या विटाही भरल्या.

गुरुवारी सकाळी तो शेवटच्या पानावर आला होता. दिवा तिरका, नाक कागदाला टेकलेलं, जीभ दातांत. गेलेल्यांची आठवण करायचा मृतांचा रविवार जवळ आला होता, म्हणून डॉक्टर ओपिट्झ सकाळीच बाईंच्या थडग्यावर फांद्या घालायला गेले होते आणि परतताना, हात गारठले म्हणून, दुपारची वाट न बघता थेट तळघरात आले. लोथारने मान वर केली तेव्हा ते टेबलाशी उभे होते.

"कीड गेली वाटतं," डॉक्टर म्हणाले.

लोथारने पेन्सिल खाली ठेवली. मग त्याने सगळं सांगून टाकलं. पाव, खोडरबर, बांधणी, कीड, खाचा. "तुम्हाला तिचं अक्षर बघायचं होतं, आणि हे माझं आहे डॉक्टर. हे सगळं माझं अक्षर आहे."

डॉक्टर स्टूल ओढून बसले. "दर उन्हाळ्यात ती स्वतःच खोडायची," ते म्हणाले. "पहिल्या पानापासून शेवटपर्यंत. नवीन वर्ष, नवीन हात, म्हणायची. यंदा खोडायला राहिली नाही. तुम्ही तिचंच काम केलंत."

लोथारला हसावं की रडावं कळेना. म्हणजे खोडलं ते बरोबर होतं आणि रक्त आटवून गिरवलं तेच चुकीचं!

डॉक्टर पानं उलटत होते. त्यांना स्वरलिपी वाचता येत नव्हती, पण आकडे येत होते. चौथ्या-पाचव्या पानावर त्यांचा हात थांबला. त्यांनी मागची पानं पुन्हा पाहिली.

"यात चार कुठाय?"

"नाहीच आहे. मला वाटलं माझ्या डोळ्यांचा दोष."

"नाही." डॉक्टरांनी आपली स्वतःची अनामिका दुसऱ्या हाताने धरली. "गेल्या हिवाळ्यात तिचं हे बोट आखडलं होतं. मी विचारलं तर म्हणाली, आता बोट बरं झालंय. मी सुटलो. चाळीस वर्षं लोकांच्या तोंडात बघत होतो क्रेचमार, घरातल्या हाताकडे कोण बघतं! आणि ही बया चोवीसच्या चोवीस रचना त्या बोटाशिवाय नव्याने बसवत होती. मला दिवाणखान्यात ऐकू यायचं. मला वाटायचं, काय छान वाजवतेय."

वर खिडकीसमोरून बूट जात होते. दोघंही त्यांच्याकडे बघत बसले.

"आणि हे उद्या छापायला जाणार?" डॉक्टरांनी विचारलं.

"हो."

"देशभरची पोरं चौथं बोट मुडपून वाजवणार. वर सगळ्यांना कळणार, की तिचं बोट गेलं होतं. माझ्यापासून लपवलं तिने, ते काय सगळ्यांना सांगायला?" डॉक्टरांनी ओव्हरकोट काढला. "खोडरबर आहे का?"

आयुष्यात पहिल्यांदाच कुणीतरी लोथारकडे आपण होऊन खोडरबर मागत होतं. त्याने खण उघडून दोन रबरं काढली, डबा उघडून पाव काढला, आणि दोघं समोरासमोर बसले.

"असं घासू नका हो डॉक्टर, कागद फाटेल! दात नाहीयेत ते. वरून खाली, एकाच दिशेने. आणि पान दुसऱ्या हाताने ताणून धरा."

"तोंड उघडा म्हणून कुणाला सांगायचं नाही, हेच बरंय," डॉक्टर म्हणाले. त्या दिवसांत ते पहिल्यांदाच हसले असावेत, कारण हसताना त्यांना खोकला आला.

दुपारपर्यंत ते अकराव्या प्रिल्यूडवर पोचले. लोथारने रबर विटांवर टेकवलं आणि डॉक्टरांनी त्याचं मनगट धरलं.

"त्या राहू द्या."

"काय आहेत पण या?"

"कोळशाच्या विटा. इथवर आली की खोली गार पडायची. मग ती उठून शेगडीत विटा टाकायची आणि परत येऊन वाजवायची. थंडी थोडी असली की एक, फार असली की तीन. मी दिवाणखान्यात असायचो. पियानो थांबला की मला कळायचं, शेगडीपाशी गेली. बादली भरून ठेवायचं काम माझं होतं." त्यांनी विटांवरून बोट फिरवलं. "हे खोडू नका. हे तुमच्या हातचं असलं तरी तिचं आहे."

शुक्रवारी संपादिका हेन्शेल आल्या. हातमोजे काढून त्यांनी पुस्तक उघडलं आणि एकेक पान उलटत गेल्या, तसतसा त्यांच्यामागे उभ्या असलेल्या संचालक डोरिंगांचा चेहरा उतरत गेला.

"पण यात काहीच नाही," संपादिका म्हणाल्या. "एकही आकडा नाही."

"क्रेचमार!" संचालक म्हणाले. नुसतं एवढंच, पण त्यात लोथारची नोकरी, निवृत्तिवेतन आणि नाताळची सुट्टी सगळं होतं.

"तिला आकड्यांचा तिटकारा होता," डॉक्टर ओपिट्झ शांतपणे म्हणाले. "ज्याचा हात त्याने शोधावा, असं म्हणायची. विद्यार्थ्यांना विचारा हवं तर. दोघांचं एक उत्तर यायचं नाही."

प्राध्यापक फोस आणि झाबीने दारात उभेच होते. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं, आणि आयुष्यात पहिल्यांदाच दोघांचं एकमत झालं. "अगदी बरोबर," प्राध्यापक म्हणाले. "बाई असंच म्हणायच्या."

संपादिका निराश होऊन पुस्तक मिटणार, इतक्यात त्यांना अकराव्या प्रिल्यूडमधल्या विटा दिसल्या. त्यांनी चष्मा चढवला. स्वरलिपीत अशी काळी वीट रेघेला लटकली की तो अख्खा खण, म्हणजे दोन उभ्या रेघांमधला भाग, काही वाजवायचं नाही, गप्प बसायचं. इथे तर लागोपाठ तीन होत्या.

"तीन खण मौन!" त्या हळूच म्हणाल्या. "मूळ रचनेत इथे एका श्वासाचीही जागा नाही. सगळ्या पुस्तकात बाईंनी फक्त ही एकच खूण ठेवलीय? ही... ही त्यांची खरी परंपरा आहे का?"

लोथारने तोंड उघडलं. डॉक्टरांनी टेबलाखालून त्याच्या बुटावर बूट ठेवला.

"रोज थांबायची इथे," डॉक्टर म्हणाले. "हिवाळ्यात जास्त."

संपादिकांनी 'हिवाळ्यात जास्त' हे लिहून घेतलं.

पुढच्या वर्षी ते पुस्तक छापून आलं. बोटांचे आकडे नव्हते, पण प्रस्तावनेची दोन पानं बाईंच्या मौनावर होती. त्या मौनाला मृत्यूची चाहूल म्हटलं होतं. लोथारला त्याच्या संशोधनाबद्दल एक प्रशस्तिपत्रक मिळालं. ते इर्मट्राउटने स्वयंपाकघराच्या चौकटीवर लावलं, जिथे पोरांच्या रेघा होत्या त्याच जागी, आणि तिथून ते काढायची तिने त्याला मनाई केली.

त्यानंतरच्या जानेवारीत बाईंच्या स्मरणार्थ कार्यक्रम झाला. सभागृहात इतका गारठा होता की लोक ओव्हरकोट घालूनच बसले होते. लोथार आणि डॉक्टर शेजारी शेजारी होते. एक लांब मानेची तरुण मुलगी नव्या पुस्तकातून वाजवत होती, आणि अकराव्या प्रिल्यूडच्या मधोमध तिने हात उचलले, मांडीवर ठेवले आणि डोळे मिटले. अख्खं सभागृह श्वास रोखून बसलं. पुढच्या रांगेत झाबीनेंनी रुमाल डोळ्यांना लावला. "बाई अश्शाच थांबायच्या," त्या प्राध्यापकांच्या कानात म्हणाल्या, आणि प्राध्यापकांनी गंभीरपणे मान डोलावली.

"उठली," डॉक्टर लोथारच्या कानाशी पुटपुटले. "आता शेगडीचं दार उघडलं. एक. दोन."

लोथारला हसू आलं आणि ते त्याने ओव्हरकोटाच्या कॉलरमध्ये दाबलं.

"तीन," डॉक्टर म्हणाले.

मुलगी अजून थांबलेलीच होती. मौन लांबलं. कुणीतरी खोकलं, आणि त्याच्याकडे सगळ्यांनी रागाने पाहिलं. डॉक्टरांनी लोथारचा हात घट्ट धरला. त्यांची बोटं बर्फासारखी गार होती.

"बादली रिकामी असेल," ते म्हणाले. "मी भरलीच नसेन."

लोथारने त्यांचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. तो नुसता त्यांची अनामिका चोळत राहिला. स्टेजवर मुलीने डोळे उघडले, हात पट्ट्यांवर नेले आणि पुढचा सूर लावला.

"आली," डॉक्टर म्हणाले.